यादी आमची १४० ची, तुमची ४२० ची

भाचीचं लग्न ठरलं तेव्हा बैठकीत देण्याघेण्याचा विषय निघालाच नाही. मुलगा शिकलेला, घर समजूतदार. "खर्च निम्मा-निम्मा करू," हे मुलाच्या वडिलांनी आपण होऊन सांगितलं आणि आमच्याकडच्या सगळ्यांना हायसं वाटलं. सुपारी फुटली, पेढे वाटून झाले. मग दाजींनी सहज विचारलं, "तुमच्याकडून माणसं किती येतील?" सातारा जिल्ह्यातल्या गावाहून आलेले मुलाचे चुलते म्हणाले, "पाव्हणं, नुसती भावकीच दीडशे उंबऱ्याची हाय. त्यात सोयरे, डेअरीवाले, सोसायटीवाले. चारशेच्या खाली कसं बसवायचं?" आमची यादी होती १४० ची. आणि पुण्यातलं कार्यालय आठवड्यापूर्वीच तीनशे माणसं धरून ठरवलेलं, ॲडव्हान्स भरलेला.

त्या रात्री बहीण वही घेऊन बसली. मुलाकडची यादी ४२० वर गेली होती. एकूण ५६० माणसं आणि खर्च निम्मा, म्हणजे आमची १४० जेवणार आणि पैसे २८० माणसांच्या जेवणाचे द्यायचे. मुलाच्या घरच्यांचा यात काहीही वाईट हेतू नव्हता. आकडा त्यांना कुणी विचारला नव्हता आणि आम्हीही आमचा सांगितला नव्हता.

पूर्वी हा प्रश्न वेगळ्या रूपात यायचा. लग्न मुलीच्या बापाने करून द्यायचं, आणि 'दोन्ही अंगाने' करून द्यायचं ठरलं की वरपक्षाच्या बाजूचा खर्चही त्याच्याच डोक्यावर. वऱ्हाडात शंभर माणसं वाढली की त्याचं कर्ज तेवढं वाढे. आता शहरात आणि बऱ्याच गावांतही निम्म्या खर्चाची बोली होते. हा बदल फार मोलाचा आहे. पण निम्मी वाटणी न्याय्य ठरते ती दोन्हीकडची माणसं साधारण सारखी असतील तरच. याद्या विषम असतील, तर लहान यादीचं घर मोठ्या यादीच्या घरचे पाहुणे जेवू घालतं, आणि नवीन नातं जुळताना तोंड उघडायची सोय नसते.

माझं मत स्पष्ट आहे. माणसागणिक वाढणारा खर्च ज्याची माणसं त्याने करावा. माणसं वाढली-घटली तरी न हलणारा खर्च दोघांनी निम्मा वाटून घ्यावा. ही बोली कार्यालय ठरवण्याआधी व्हावी.

आधी डोकी, मग कार्यालय

पत्रिका किती छापायच्या, या प्रश्नाचं उत्तर म्हणजे पाहुण्यांचा आकडा नव्हे. गावाकडे आमंत्रणाचे प्रकार असतात आणि प्रत्येकाचा अर्थ सगळ्यांना पक्का ठाऊक असतो. 'घरटी एक माणूस' सांगितलं तर एका उंबऱ्यातून एक जण येतो, फार तर दोन. 'चूलबंद' आवतण दिलं तर त्या घरात त्या वेळी चूल पेटत नाही. म्हातारीपासून कडेवरच्या पोरापर्यंत सगळे जेवायला येतात. शहरातल्या पत्रिकेवर सरसकट 'सहकुटुंब सहपरिवार' छापलेलं असतं. ऑफिसातला माणूस तरीही एकटा येतो आणि मावसभाऊ चौघांना घेऊन येतो. दोनशे पत्रिकांचे दोनशे पाहुणेही होतात आणि सातशेही.

म्हणून यादी लिहिताना नावापुढे तीन गोष्टी लिहा: त्या घरातून किती जण, कुठून येणार, आणि येण्याची खात्री किती. काही जण नक्की येणारे असतात, काही जमलं तर येणारे, आणि काहींना पत्रिका पाठवणं एवढंच कर्तव्य असतं. लग्न ज्या गावात, त्या बाजूची यादी जवळजवळ पूर्ण येते. दुसऱ्या बाजूची गळते, कारण मे महिन्याच्या उन्हात शंभर-दोनशे किलोमीटर बसने यायचं म्हटलं की घरातले चारऐवजी दोघंच निघतात. हा फरक दोन्ही घरांनी धरायला हवा. नाहीतर यादीतले चारशे आणि मांडवातले अडीचशे यांत घोटाळा होतो.

दोन्ही याद्यांच्या बाहेर आणखी दोन गट असतात. मुलगा-मुलगी एकाच कंपनीत असतील तर तिथली माणसं दोघांचीही. नात्यातलंच लग्न असेल तर ही सामाईक यादी खूपच मोठी होते. आणि दुसरा गट राबणाऱ्यांचा: फोटोवाले, सनईवाले, भटजी, डेकोरेशनची मुलं, बसचे ड्रायव्हर. यांची वीस-तीस ताटं सहज होतात आणि जवळजवळ प्रत्येक लग्नात हिशेबाबाहेर राहतात. हे दोन्ही गट निम्मे-निम्मे धरावेत.

आपल्याकडे याद्या करण्याची रीत आहेच. कागदाला हळद-कुंकू लावून कुणी काय करायचं ते लिहितात, दोन्हीकडचे वडीलधारे सह्या करतात. मग त्याच कागदावर, दागिन्यांच्या आणि बस्त्याच्या ओळींखाली, दोन्ही घरांच्या पाहुण्यांचा आकडाही लिहा. लिहिताना कुणालाही अवघड वाटत नाही, कारण कागद त्यासाठीच मांडलेला असतो. महिन्याभराने फोनवर हाच विषय काढायचा म्हटलं तर तोंडातून शब्द फुटत नाही.

बहिणीच्या वहीतला हिशेब

खालचे दर हिशेब समजावा म्हणून धरले आहेत. तुमच्या गावचे, तुमच्या केटररचे आणि कार्यालयाचे दर त्या जागी घाला. पद्धत तीच राहील.

ताटाचा दर ४५० रुपये. मुलाकडची ४२०, मुलीकडची १४०, एकूण ५६० ताटं, म्हणजे २,५२,००० रुपये. बाहेरून येणाऱ्या केटररच्या बिलावर ५ टक्के जीएसटी, १२,६०० रुपये. जेवणाचे एकूण २,६४,६००. याद्यांचं प्रमाण तीनास एक, म्हणून मुलाकडचे १,९८,४५० आणि मुलीकडचे ६६,१५०.

राबणाऱ्यांची वीस ताटं, करासह ९,४५० रुपये. निम्मे ४,७२५.

भटजी, सनई, स्टेजची सजावट, फोटो आणि व्हिडिओ यांचे मिळून १,४०,०००. पाहुणे शंभर असोत की हजार, अंतरपाट एकच आणि फोटोवालाही तोच. निम्मे ७०,०००.

आता कार्यालय. इथे लोक चुकतात. भाडं ठरलेलं असतं म्हणून ते सरळ निम्मं वाटलं जातं. पण ते मोठं कार्यालय घ्यावं लागलं कुणामुळे? तीनशे माणसांच्या कार्यालयाचं भाडं ८०,००० आणि सहाशे माणसांच्या कार्यालयाचं १,३०,००० असेल, तर वरचे ५०,००० मोठ्या यादीने आणलेले आहेत. मुलाकडूनही १४० च आली असती तर २८० माणसांना लहान कार्यालय पुरलं असतं. म्हणून दोन्ही घरं लहान यादीएवढीच असती तर जे कार्यालय लागलं असतं त्याचं भाडं निम्मं वाटावं, आणि त्यावरचा फरक मोठ्या यादीच्या घराने द्यावा. नुसत्या भाड्यावर जीएसटी १८ टक्के असतो. करासह लहान कार्यालय ९४,४०० चं पडतं, त्याचे निम्मे ४७,२००. फरकाचे करासह ५९,०००. म्हणजे मुलाकडचे १,०६,२०० आणि मुलीकडचे ४७,२००.

कार्यालयाचं भाडंही तीनास एक असं वाटायला काय हरकत आहे, असं दाजींनी विचारलं होतं. त्यात आमचे आठ-नऊ हजार आणखी वाचले असते. पण मला ते पटलं नाही. मांडव दोघांनाही हवा होता, एकेक खोली दोघांनाही हवी होती. लहान यादीच्या घरालाही लग्नाला जागा लागतेच.

बेरीज अशी झाली. एकूण खर्च ५,६७,४५०. मुलीकडचे १,८८,०७५, मुलाकडचे ३,७९,३७५. सरळ निम्म्या वाटणीत प्रत्येकी २,८३,७२५ आले असते. म्हणजे 'निम्मा-निम्मा' या चांगल्या शब्दापोटी बहिणीने ९५,६५० रुपये जास्त दिले असते.

या हिशेबात न धरलेल्या गोष्टी थोडक्यात. वऱ्हाडाच्या बस ज्याच्या त्याच्या. बस्ता आणि दागिने ठरले असतील तसे. सीमांतपूजनाच्या रात्रीचं जेवण, मुक्कामाच्या गाद्या आणि सकाळचा नाश्ता हा माणसागणिकचा खर्च, म्हणजे मुक्कामी माणसं ज्याची त्याचा. पण बहिणीने नाश्ता सगळ्यांचा आपल्याकडे घेतला, कारण पाहुणे तिच्या गावात उतरले होते. असं एखादं पान आनंदाने आपल्याकडे घ्यावं. फक्त ते आपण होऊन घेतलेलं असावं, गळ्यात पडलेलं नसावं. कार्यालयाचं वीजबिल कित्येक ठिकाणी मीटरच्या रीडिंगप्रमाणे वेगळं लावतात. जनरेटर, सफाई, जादा खोल्या, भांडी यांचे दरही भाड्याबाहेर असतात. ते ॲडव्हान्स भरण्याआधी लिहून घ्या.

उरलेली माणसं कुठे जेवतील

वहीचं पुढचं पान मुलाच्या वडिलांनी सुचवलं, आणि ते आपल्या रीतीतलंच होतं. लग्नानंतर मुलाच्या घरी सत्यनारायणाची पूजा होतेच. गावाला जेवण तिथेही द्यावंच लागतं. मग भावकीतल्या घरटी एकाने लग्नाला यावं आणि चूलबंद आवतण पूजेचं द्यावं. लग्नाला मुलाकडची १६०, आमची १४०. तीनशेंचं आधी ठरवलेलं कार्यालय पुरलं आणि ॲडव्हान्सही वाया गेला नाही.

पुन्हा हिशेब केला. लग्नाची ताटं ३००, करासह १,४१,७५०. मुलाकडचे ७५,६००, आमचे ६६,१५०. कार्यालयाचे निम्मे ४७,२००, सामाईक ७०,०००, राबणाऱ्यांच्या ताटांचे ४,७२५. मुलाकडचे झाले १,९७,५२५. आमचे १,८८,०७५.

आमचा आकडा बघा. मुलाकडची माणसं ४२० असताना तोच, १६० असतानाही तोच. वाटणी बरोबर झाली की नाही हे तपासायची ही खूण आहे: समोरच्या घरचे पाहुणे वाढले किंवा कमी झाले तरी आपला खर्च हलता कामा नये. तुमच्या वहीत दोन वेगळे आकडे घालून बघा. आपला खर्च हलत असेल तर कुठलातरी माणसागणिकचा खर्च निम्म्याच्या खात्यात गेला आहे.

मुलाच्या घराचे लग्नातले १,८१,८५० रुपये वाचले. वर पन्नास माणसांची एक बस धरली तर नऊऐवजी चार बस लागल्या. गावातल्या जेवणाला आचारी बोलावला, किराणा तालुक्याच्या बाजारातून आणला, वाढायला गल्लीतली मुलं. माणशी २०० रुपये धरले तरी साडेतीनशे माणसांचे ७०,००० होतात. मंडप आणि भांड्यांचं भाडं वेगळं धरलं तरी मुलाकडच्यांची मोठी बचत झाली. आणि दीडशे उंबऱ्यांच्या भावकीला पुण्याला येऊन अक्षता टाकून संध्याकाळी परतण्यापेक्षा आपल्या अंगणात बसून नवी सून बघणं जास्त आवडतं.

उलटही होतं. मुलीचं गाव मोठं आणि मुलगा मुंबईच्या चाळीत वाढलेला, आई आणि दोन मामा एवढंच गणगोत. तिथे हळदीचं जेवण हा मुलीकडच्या गावजेवणाचा दिवस धरावा. हळद ज्याची त्याच्या घरी होते आणि खर्चही ज्याचा त्याचा असतो. मुख्य लग्नाला मग दोन्हीकडची माणसं जवळपास सारखी बसतात.

यादी कापता येत नाही असं ज्यांना वाटतं त्यांनी एप्रिल २०२१ आठवावा. राज्यात तेव्हा लग्नाला दोन्हीकडची मिळून २५ माणसं आणि दोन तास एवढीच परवानगी होती, नियम मोडला तर ५०,००० रुपये दंड. त्या महिन्यात ज्यांच्या घरी लग्न झालं त्यांनी बारा-बारा नावांत सख्खे चुलतेसुद्धा वगळले. त्या चुलत्यांकडे आजही येणं-जाणं आहे.

लग्नाच्या दिवशी ताटं कशी मोजायची

केटरर कमीत कमी ताटांची हमी मागतो. दोनशेची हमी दिली आणि एकशे सत्तर जेवली तरी पैसे दोनशेचे. म्हणून हमीचा आकडा यादीपेक्षा कमी द्यावा आणि त्यावरची ताटं किती संख्येपर्यंत त्याच दरात मिळतील ते विचारून लिहून घ्यावं. लहान मुलांना कुठल्या वयापर्यंत पैसे नाहीत आणि कुठल्या वयापर्यंत अर्धे, हेही. हमीचा आकडा वाढवायची शेवटची तारीख कोणती, हा प्रश्न फार जण विचारत नाहीत, आणि विषम याद्यांत तोच सगळ्यात जास्त उपयोगी पडतो. लग्नाच्या आठ दिवस आधी दोन्ही घरांनी आपापल्या पाहुण्यांना फोन करून पक्का आकडा काढावा. खर्चाचं शेवटचं प्रमाण त्या आकड्यावरून धरावं, पत्रिकांवरून नव्हे.

मोजणीच्या वेळी केटररचा माणूस आणि दोन्ही घरांचा एकेक जबाबदार माणूस जवळ असावा. पंगत असेल तर काम सोपं असतं: प्रत्येक पंगत उठली की पानं मोजून वहीत लिहायची, तिघांनी सही करायची. बुफेत मांडलेल्या ताटांतून उरलेली ताटं वजा करतात. पण ताटं धुऊन पुन्हा मांडली जात असतील तर ही मोजणी चुकते. ती धुतली जाणार आहेत का, हे आधी विचारा. धुतली जाणार असतील तर ताटांचे ठरावीक गठ्ठे करून प्रत्येक गठ्ठा मांडताना नोंद करायला सांगा. हे काम वधूच्या भावाला किंवा वराच्या बापाला देऊ नका. ज्यांना विधीला बसायचं नाही आणि भूक लागली तरी जागा सोडणार नाहीत अशी माणसं यासाठी निवडा.

मोजायची ती एकूण ताटं. कुणाची किती जेवली हे मात्र कधीही मोजू नका. हॉलच्या दारात कूपन वाटून 'मुलाकडचे की मुलीकडचे' असं विचारणारे केटरर मी पाहिले आहेत, आणि जेवायला आलेल्या म्हाताऱ्या माणसाचा चेहरा त्या प्रश्नाने कसा होतो तेही. एकूण ताटांना पक्क्या आकड्यांचं प्रमाण लावा. त्यात दहा-वीस ताटं इकडची तिकडे होतील. तेवढी होऊ द्यावीत. ती वीस ताटं म्हणजे आपल्या हिशेबात नऊ हजार रुपये, आणि दारात पाहुण्याचा झालेला अपमान त्याहून खूप महाग असतो.

पैसे कुणी कुणाला द्यायचे

आपला हिस्सा व्याह्यांच्या हातात रोख देणं ही सगळ्यात वाईट पद्धत. त्यात देणाऱ्याला बिल दिसत नाही, घेणाऱ्याला मागावं लागतं. शिवाय प्राप्तिकर कायद्याप्रमाणे एका प्रसंगासाठी एका व्यक्तीकडून दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख घेता येत नाही, हप्ते पाडून घेतले तरीही. दंड घेणाऱ्याला होतो आणि तो घेतलेल्या रकमेएवढाच असू शकतो. १ एप्रिल २०१७ पासून हा नियम आहे आणि तो कार्यालयाला, केटररला, व्याह्यांनाही लागू होतो. तेव्हा दोन्ही घरांनी आपापला हिस्सा थेट केटररच्या आणि कार्यालयाच्या खात्यात भरावा आणि आपापल्या नावाची पावती घ्यावी.

एक घर सगळे पैसे भरणार आणि दुसरं नंतर देणार, असं ठरलं तरी तारीख ठरवा. लग्नानंतर आठ दिवसांच्या आत, मांडवपरतणीसारखे समारंभ सुरू होण्याआधी, हिशेब पूर्ण व्हावा. एकदा सून घरात रुळू लागली की राहिलेल्या पैशांचा निरोप तिच्यामार्फत जायला लागतो. हे कुठल्याही घरात होता कामा नये.

'बिल नको असेल तर कर लागणार नाही' असं सांगणाऱ्याला नाही म्हणा. बिल नसेल तर हमीची ताटं, जादा दर, परत न मिळालेला ॲडव्हान्स यांतलं काहीच सिद्ध करता येत नाही. वाद झालाच तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला शुल्क लागत नाही. करार दोघांच्या नावे असेल तर तक्रारही दोघांना करता येते, म्हणून कार्यालयाच्या करारावर दोन्ही घरांची नावं घाला.

खर्चाची वाटणी बोलताना 'आमच्या तोलामोलाचं लग्न झालं पाहिजे, रक्कम तुम्ही द्या' असं वाक्य आलं तर तिथे थांबा. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्यात लग्नासंबंधी दिलेली किंवा द्यायची ठरलेली मालमत्ता हुंड्यात धरली जाते आणि नुसती मागणी करणं हासुद्धा गुन्हा आहे. पाहुण्यांच्या जेवणाची प्रामाणिक वाटणी वेगळी, आणि लग्नाच्या अटीवर मागितलेली रक्कम वेगळी.

मान माणसांच्या संख्येवर नको

पैशाचा हिशेब यादीप्रमाणे होतो, मानाचा होऊ नये. फेटे, टॉवेल-टोपी, साड्या, मानाचे आहेर यांची संख्या दोन्हीकडे सारखी ठेवा. पंचवीस तर पंचवीस. मोठ्या यादीच्या घराला त्यात काटछाट करावी लागेल आणि लहान घराला दूरचा मामा शोधून आणावा लागेल. तरी सारखीच ठेवा. लग्नात माइकवरून पन्नास जणांचे सत्कार एकाच बाजूचे झाले आणि दुसऱ्या बाजूचे सात, असं एकदा पाहिलं. त्या सातांत मुलीची आजी होती आणि ती जेवायच्या आधीच खोलीत जाऊन बसली.

खुर्च्यांच्या रांगा 'मुलाकडच्या' आणि 'मुलीकडच्या' करू नका. दारात अत्तर-गुलाबपाणी द्यायला दोन्ही घरांची माणसं उभी राहू द्या. आईशिवाय कुणी नसलेल्या मुलीचं लग्न असेल तर तिच्या मैत्रिणींना करवलीचं, अंतरपाट धरण्याचं काम द्या. विहिणीची पंगत आजही मांडत असाल तर दोन्ही विहिणींना एका पंगतीत शेजारी बसवा.

भाचीच्या लग्नात २७० ताटांची हमी दिली होती, झाली २९१. वरच्या २१ ताटांना तोच दर लागला, कारण तसं लिहून घेतलं होतं. दारात दाजींच्या शेजारी मुलाचे चुलते उभे राहिले, आणि आमच्या पाहुण्यांना जेवायला तेच घेऊन जात होते. चौथ्या दिवशी गावात पूजा झाली, साडेतीनशे पान उठलं. आमच्याकडून वीस जण गेलो होतो.

यंदा तुमच्या घरी बोलणी सुरू असतील, तर कार्यालय बघायला बाहेर पडण्याआधी होणाऱ्या व्याह्यांना फोन करा. आपला आकडा आधी सांगा, मग त्यांचा विचारा.